रकान्याबाहेरची गुहा

गोंदियाहून डोंगरगडकडे जाणारी गाडी सालेकसा सोडते आणि खिडकीतला देखावा पालटतो. तोवर दोन्ही अंगांना धानाच्या बांध्या, धुऱ्यांवर तूर, मधूनच एखादा तलाव आणि त्याच्या पाळीवर मोहाचे झाड, असा झाडीपट्टीचा सपाट मुलूख असतो. सालेकशानंतर रूळ डोंगरात शिरतात. मग दरेकसा येते. स्थानक छोटे, उतरणारी माणसे मोजकी. पुढे बोगदा, त्यापलीकडे बोरतलाव, आणि बोरतलाव म्हणजे छत्तीसगड. महाराष्ट्राची पूर्वेकडची वेस इथे आहे आणि त्या वेशीवरच्या डोंगरात कचारगड आहे.

आम्ही सहा जण एका दिवसाच्या सहलीवर निघालो होतो. हाती कार्यक्रमाचा कागद होता. वर मथळा ‘हिंदू व बौद्ध पवित्र स्थळे’ आणि खाली दोन रकाने. सकाळी कचारगड, दुपारी डोंगरगडची बमलेश्वरी, उन्हे उतरताना तिथलीच प्रज्ञागिरी. पहिली दोन ठिकाणे हिंदूंच्या रकान्यात, तिसरे बौद्धांच्या. धनेगावात आम्हाला वाट दाखवायला आलेला पंचविशीतला गोंड तरुण तो कागद बराच वेळ वाचत राहिला. मग तो घडी घालून परत देत म्हणाला, “आमाले कोन्त्या रकान्यात टाकलं जी तुमी?”

रागाचा सूर नव्हता. पण त्या प्रश्नाने दिवसभराची सहल आपल्याकडे वळवून घेतली, आणि परतल्यावर वाचनाला बसलो तेव्हाही तोच प्रश्न पुढ्यात होता.

धनेगाव डोंगराच्या पायथ्याशी आहे. वाहने इथवर येतात, पुढे चालायचे. वाट जंगलातून जाते. साग, ऐन, धावडा, तेंदू, मोह, आणि त्यांच्यामधून वर चढत जाणारे खडक. वाटेत आमचा वाटाड्या दोनदा थांबला. एकदा एका झाडापाशी, कारण ते त्याच्या गोत्राचे होते. गोंडांची साडेसातशे गोत्रे मानतात आणि प्रत्येक गोत्राने एक झाड, एक प्राणी आणि एक पक्षी राखायचा, तोडायचा किंवा मारायचा नाही, असा दंडक आहे. साडेसातशे गुणिले तीन हा हिशेब त्याने आम्हालाच करायला लावला. दुसऱ्यांदा तो थांबला तो एका शिळेपाशी. चपला काढल्या, वाकून हात टेकवला, “जय सेवा” म्हणाला. शिळेला डोळे नव्हते, मुकुट नव्हता. थोडा शेंदूर आणि वर बांधलेला सप्तरंगी झेंडा, एवढेच. गोंडी भाषेत देवाला पेन म्हणतात आणि पेनाच्या जागेला पेनठाणा. मंदिर हा शब्द त्याने सबंध चढणीत एकदाही वापरला नाही. आम्ही मात्र वापरत होतो.

गुहेचे तोंड अचानक समोर येते. झाडी संपते आणि डोंगराने जबडा उघडावा तशी काळी पोकळी दिसते. आत गेल्यावर आधी गारवा जाणवतो, मग आकार. शेकडो माणसे सहज मावतील अशी ही नैसर्गिक गुहा आहे. छताला एक भोक आहे. त्यातून उन्हाची तिरीप खाली येते आणि दिवस चढेल तशी जमिनीवरून सरकत जाते. पाणी झिरपते, वटवाघळांचा वास असतो, आणि आपण बोललेले शब्द जरा उशिरा परत येतात. अजिंठ्यात किंवा वेरूळला माणसाने डोंगर कोरून आत जागा केली. इथे कोणी काही कोरलेले नाही. इथली पवित्रता छिन्नीने आलेली नाही, गोष्टीने आली आहे. ती गोष्ट सांगणाऱ्याशिवाय ही गुहा पाहणे म्हणजे कीर्तनाला जाऊन नुसता मंडप बघून येणे.

गोष्ट अशी. कली कंकाली दाईची तेहतीस लेकरे. जंगो रायताडने ती सांभाळली. पण पोरे अनावर झाली, आणि शंभूने त्यांना या डोंगराच्या पोटात कोंडून तोंडावर अजस्र शिळा लोटली. आई बाहेर रडत राहिली. मग आला पारी कुपार लिंगो. त्याच्याबरोबर होता हिरासुका पाटालीर, किंगरी वाजवणारा. बाहेरून त्याने असे काही वाजवले की आतल्या पोरांच्या अंगात बळ संचारले. आतून पोरांनी रेटा दिला, शिळा हलली, लेकरे सुटली, आणि हिरासुका त्याच शिळेखाली चिरडून गेला. सुटलेल्या लेकरांना लिंगोने शिकवले, त्यांचे सगे ठरवले, कोणाचे किती देव आणि कोणाची सोयरीक कोणाशी हे बांधून दिले. त्या शिकवणुकीला कोया पुनेम म्हणतात. आजही चार देवे, पाच देवे, सहा देवे, सात देवे ही ओळख गोंड घरात लग्न जुळवताना पहिल्यांदा विचारली जाते. सारख्या देवसंख्येच्या कुळांत सोयरीक होत नाही.

वाद्य वाजवणारा माणूस या कथेतला हुतात्मा आहे, यावर मी त्या गुहेत बराच वेळ थांबलो. कोंडलेल्यांना सोडवायला इथे कोणी शस्त्र घेऊन आले नाही. तारा छेडल्या गेल्या आणि दगड आतून हलला. किंगरी हे परधानांचे वाद्य. परधान म्हणजे गोंडांचे गाणारे, वंशावळी आणि देवांच्या कथा पिढ्यान्‌पिढ्या तोंडी राखणारे लोक. गाणाऱ्यांनी जपलेल्या कथेत एका वाजवणाऱ्याला मानाची जागा आहे, आणि ती त्यांनी कष्टाने कमावलेली आहे.

ही कथा पहिल्यांदा कागदावर आली ती नागपुरात. स्टीफन हिस्लॉप या स्कॉटिश मिशनऱ्याने, ज्याच्या नावाचे महाविद्यालय आज नागपुरात आहे, एका परधानाकडून लिंगोचे दीर्घ गाणे उतरवून घेतले. १८६३ साली टाकळघाटची शिळावर्तुळे पाहून परतताना तो पुरात वाहून गेला. त्याचे कागद रिचर्ड टेंपल यांनी १८६६ साली छापले. पुढे १८७१ साली जेम्स फॉर्सिथने मध्य भारताच्या डोंगराळ प्रदेशावरच्या आपल्या पुस्तकात त्याच कथेला इंग्रजी पद्यरूप दिले. १९४८ साली फ्युरर-हायमेनडॉर्फ यांचा आदिलाबादच्या राजगोंडांवरचा ग्रंथ आला, आणि तिथल्या परधानांकडेही हीच कथा वेगळ्या वळणांनी जिवंत असल्याचे दिसले.

हिस्लॉपची प्रत आणि धनेगावची गोष्ट शेजारी ठेवून वाचली तर एक गमतीचा फरक दिसतो. हिस्लॉपच्या गाण्यात महादेव गोंडांना कोंडतो ते धवलगिरीच्या गुहेत. त्या कोंडवाड्यातून चार भाऊ निसटतात आणि जिथे आसरा घेतात ती जागा ‘कचिकोपा लोहागड’, तांबड्या डोंगरांमधली लोखंडाची दरी. म्हणजे तिथे लोहागड हा निसटलेल्यांचा आसरा आहे. धनेगावच्या गोष्टीत ‘कचार लोहगड’ हीच कोंडून घातलेली जागा आहे. तुरुंग आणि आसरा दीडशे वर्षांत एकाच डोंगरात येऊन मिळाले. मला यात कथेचा बिघाड दिसत नाही. जिथे कोंडले तिथेच सुटका झाली, असे एखाद्या समाजाने ठरवावे यामागे त्या समाजाचे काही म्हणणे असते.

हिस्लॉपच्या प्रतीत आणखी एक तपशील आहे. गोंड कोंडले गेल्यावर पार्वतीला चुकल्यासारखे होते. महादेवाला ज्यांच्या अंगाचा वास नकोसा झाला होता, त्याच गोंडांचा तो वास तिला आठवत राहतो, म्हणून ती व्रताला बसते, आणि तिथून लिंगोच्या जन्माची वाट उघडते. इतक्या मोकळेपणाने आपल्या अंगाच्या वासाविषयी बोलणारी आणि त्या वासासाठी देवीला उपाशी बसवणारी दुसरी पुराणकथा मला माहीत नाही.

आता इथला महादेव आणि आपल्या देव्हाऱ्यातला महादेव एकच का? कार्यक्रमाच्या कागदाने तसे गृहीत धरले होते. मोतीरावण कंगाली यांनी या प्रश्नाला आयुष्य दिले. कंगाली १९४९ साली रामटेक तालुक्यात जन्मले, नागपुरात रिझर्व्ह बँकेत नोकरी केली, आणि उरलेला सगळा वेळ गोंडी भाषा आणि पुनेम यांवर खर्च केला. ‘पारी कुपार लिंगो गोंडी पुनेम दर्शन’ हा त्यांचा ग्रंथ. त्यांच्या मांडणीत शंभू हे एका देवाचे नाव नसून पद आहे. असे अठ्ठ्याऐंशी शंभू होऊन गेले, पहिला शंभू-मूला, मधला शंभू-गौरा, शेवटचा शंभू-पार्वती. पुराणांनी फक्त शेवटची जोडी उचलली. सिंधू लिपी गोंडीतून वाचण्याचा त्यांचा प्रयत्न लिपितज्ज्ञांनी स्वीकारलेला नाही, आणि त्यांची कालगणना मलाही पटत नाही. पण रामटेकजवळच्या खेड्यातला एक मुलगा बँकेची नोकरी सांभाळून आपल्या लोकांच्या देवांची नावे एकेक करून गोळा करतो आणि ती कोणाच्या पोटात विरघळू देत नाही, या कामाचे मोल कालगणनेवर ठरत नाही. २०१५ साली ते गेले.

१९८० च्या दशकात कंगाली, ‘गोंडवाना दर्शन’चे संपादक सुन्हेरसिंह ताराम आणि त्यांचे मूठभर सोबती कथेतल्या लोहगडाचा माग काढत या डोंगरात आले. आसपासच्या गावांना गुहा ठाऊक होतीच, तिची पूजाही चालत होती. पण गोंडवनातल्या विखुरलेल्या गोंडांनी वर्षातून एकदा एकत्र यायची जागा म्हणून ती तेव्हापासून उभी राहिली. मोजक्या माणसांनी सुरू झालेली माघ पौर्णिमेची यात्रा आज पाच दिवस चालते आणि लाखोंची होते. मध्य प्रदेश, छत्तीसगड, तेलंगण, ओडिशा, जिथे जिथे गोंड तिथून माणसे येतात. धनेगावातून पालखी निघते, भूमक म्हणजे गोंडांचे पुजारी गोंगो म्हणजे पूजा करतात, रात्रभर ढोल वाजतात, आणि चार राज्यांची गोंडी एकमेकांना कितपत कळते याची परीक्षा होते. कोणी मराठीमिश्रित बोलतो, कोणी तेलुगूमिश्रित, कोणी छत्तीसगढी. श्री आणि श्रीमतीच्या जागी तिरुमाल आणि तिरुमाय. पुस्तकांच्या राहुट्या लागतात. तरुण मुले सोयरीक पाहायला येतात, म्हातारी माणसे आपल्या गोत्राचा कोणी भेटतो का ते विचारत फिरतात.

रकान्याचा प्रश्न इथे कागदापुरता राहत नाही. इंग्रजांच्या जनगणनेत आदिवासींच्या धर्मासाठी वेगळा रकाना होता. नाव बदलत गेले, कधी ‘ॲनिमिस्ट’, १९३१ साली ‘आदिम जमातींचे धर्म’. नावे वरून लादलेली होती, पण रकाना होता. स्वतंत्र भारताच्या जनगणनेत तो उरला नाही. सहा धर्मांची नावे छापलेली, बाकी सगळे ‘इतर’. २०११ साली या ‘इतर’मध्ये स्वतःहून ‘गोंड’ किंवा ‘गोंडी’ असा धर्म लिहवून घेणारे सुमारे १० लाख निघाले. देशात गोंडांची संख्या १ कोटीच्या वर आहे. म्हणजे बहुतेकांची नोंद दुसऱ्या कुठल्या तरी रकान्यात झाली. काहींनी ती मनापासून केली असेल, घरात सत्यनारायणही होतो आणि पर्सापेनही पुजला जातो अशी घरे मी सालेकसा तालुक्यात पाहिली आहेत. पण पुष्कळांना विचारलेच गेले नसेल. शेजारच्या झारखंडकडील आदिवासींच्या सरना धर्माने याच २०११ मध्ये सुमारे ५० लाखांची नोंद केली, आणि नोव्हेंबर २०२० मध्ये झारखंड विधानसभेने जनगणनेत सरनासाठी वेगळ्या कोडचा ठराव केला. गोंडांच्या मागे असे एक राज्य नाही. ते पाच-सहा राज्यांत वाटले गेले आहेत, आणि या वाटणीची एक रेघ धनेगावच्या मागच्या डोंगरावरून जाते.

दुपारी ती रेघ ओलांडून आम्ही डोंगरगडला उतरलो. नागपूर-छत्तीसगड रेल्वेने १८८० च्या दशकाच्या सुरुवातीला राजनांदगावपर्यंत मीटर गेज नेले. पुढे बंगाल-नागपूर रेल्वेने ते रुंद केले आणि मुंबई-हावडा मार्गात जोडले. याच रुळांवर कचारगडचे दरेकसा आहे आणि याच रुळांवर डोंगरगड. बमलेश्वरीच्या डोंगरावर हजारावर पायऱ्या आहेत, शिवाय रोपवे. वर बडी बमलेश्वरी, खाली गावात छोटी. दोन्ही नवरात्रांत ज्योती कलशांची रांग लागते आणि नागपूर-भंडाऱ्याकडचे मराठी भाविक इतके येतात की बाजारात ‘या जी, प्रसाद घ्या’ ऐकू येते. दंतकथा कामावती नगरीची. राजा वीरसेन, पुढे कामसेन, त्याच्या दरबारातली नर्तकी कामकंदला, तिच्यावर जीव जडलेला गवई माधवानल, आणि दोघांना एकत्र आणणारा उज्जैनचा विक्रमादित्य. इथेही कथेच्या मध्यभागी एक वादक आहेच. वीणेवर बोटे असलेला माधवानल आणि किंगरीवर बोटे असलेला हिरासुका, यांच्यात तीन स्थानकांचे अंतर.

पण हीच देवी गोंडांची बमलाई दाई आहे. कंगाली यांनी तिच्यावर स्वतंत्र पुस्तक लिहिले आहे. वाटाड्या आमच्याबरोबर इथवर आला होता. पायऱ्यांच्या सुरुवातीला त्याने पुन्हा हात टेकवला आणि “बमलाई दाई” असे मोठ्याने म्हटले. मागून आलेल्या छत्तीसगढी बायांनी “जय माता दी” म्हटले. पायरी तीच. कोणी कोणाला अडवले नाही. उत्तरेकडच्या कितीतरी देवस्थानांची अशी दुहेरी नावे मी पाहिली आहेत, आणि त्यांतले एक नाव हळूहळू पाटीवरून उतरतानाही पाहिले आहे. डोंगरगडला ते अजून लोकांच्या तोंडी आहे. वाट दाखवणाऱ्याचे काम मला इथे कळले. दोन्ही नावे मोठ्याने घेणे.

डोंगरगडच्याच चंद्रगिरी या जैन तीर्थावर आम्ही थोडाच वेळ थांबलो. सीमाभागातल्या सदलग्याला जन्मलेले जैन आचार्य विद्यासागर महाराज १८ फेब्रुवारी २०२४ रोजी सल्लेखना घेऊन इथेच देह ठेवते झाले. कार्यक्रमाच्या कागदावर जैनांसाठी रकानाच नव्हता.

प्रज्ञागिरीला पोहोचलो तेव्हा सूर्य मागच्या डोंगराला टेकला होता. १९९८ साली इथल्या टेकडीवर ३० फूट उंचीची बुद्धमूर्ती उभी राहिली, पूर्वेकडे तोंड करून. दरवर्षी ६ फेब्रुवारीला इथे बौद्धांचा मोठा मेळावा भरतो. मूर्ती नवी आहे, पण या मुलखात बुद्ध नवा नाही. भंडारा जिल्ह्यात पवनीला जगन्नाथ टेकडीच्या पोटात मौर्य-सातवाहन काळातला स्तूप होता. नागपूर विद्यापीठ आणि पुरातत्त्व खात्याने १९६९-७० मध्ये तो उकरला, शां. भा. देव आणि जगत्पती जोशी यांनी त्याचा अहवाल लिहिला. सातव्या शतकात ह्युएन त्संग दक्षिण कोसलात आला होता. नागार्जुनासाठी डोंगर कोरून बांधलेल्या विहाराचे त्याने केलेले वर्णन वाचून गेली दीडशे वर्षे अभ्यासक चांद्यापासून रामटेकपर्यंतचे डोंगर धुंडाळत आले. पूर्वेला सिरपूरचे विहार त्याच कोसलाची खूण. मग मधली कितीतरी शतके इथल्या मातीत बुद्ध झाकलेला राहिला.

आणि इथे जनगणनेचा दुसरा आकडा सांगितला पाहिजे. १९५१ साली आजच्या महाराष्ट्राच्या भूभागात बौद्ध म्हणून नोंदलेली माणसे अडीच हजारांच्या आत-बाहेर होती. १९५४ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकर भंडाऱ्यातून लोकसभेची पोटनिवडणूक लढले, तेव्हा गोंदिया भंडारा जिल्ह्यातच होते. ते हरले. १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपुरात त्यांनी धम्मदीक्षा घेतली आणि दिली. १९६१ च्या जनगणनेत बौद्धांची संख्या सुमारे २७ लाख ९० हजार झाली. रकाना छापलेला होता, पण तो जवळजवळ रिकामा होता. लाखो लोकांनी एका दशकात त्यात आपले नाव स्वतः लिहिले. प्रज्ञागिरीच्या पायऱ्यांवर भेटलेले गोंदियाचे एक निवृत्त शिक्षक आपल्या वडिलांविषयी सांगत होते. जनगणनेचा माणूस दारात आला तेव्हा वडिलांनी त्याला बसवून घेतले, चहा पाजला आणि त्याने ‘बौद्ध’ लिहिलेले आपल्या डोळ्यांनी पाहिल्यावरच उठू दिले.

आमचा वाटाड्या हे ऐकत होता. त्याने गुरुजींना विचारले, तुमच्या वडिलांना वाचता येत होते का. गुरुजी म्हणाले, नाही, पण तो एक शब्द ते ओळखायला शिकले होते.

२०२३ साली माघ पौर्णिमा ५ फेब्रुवारीला आली होती. म्हणजे एके दिवशी कचारगडच्या गुहेपाशी “जय सेवा”चा गजर आणि दुसऱ्या दिवशी प्रज्ञागिरीवर “जय भीम”. एकाच रुळाच्या दोन टोकांना, एकाच डब्यातून प्रवास करणाऱ्या माणसांचा. रात्री परतताना मी त्या कार्यक्रमाच्या कागदावर पेनने तिसरा रकाना आखला आणि वाटाड्याकडे दिला, म्हटले, वर काय लिहायचे ते तुम्ही लिहा. त्याने बोरतलाव येईपर्यंत विचार केला. बोगद्यात दिवे मिणमिणले, खिडकीतून गार हवा आली. मग मांडीवर कागद ठेवून, गाडीच्या धक्क्यांत अक्षर सांभाळत, त्याने आधी ‘कोया पुनेम’ लिहिले, खाली ‘कचारगड’ लिहिले, आणि जरा थांबून त्याखाली ‘बमलाई’. दरेकसा आले, तो उतरला. कागद परत द्यायचा विसरला नाही.